डेस्कटॉपवरचं अंगण

खोली बघायला गेले तेव्हा मोठ्या काकूंनी मला जात विचारली नाही, पगार विचारला नाही, लग्न कधी करतेस हेसुद्धा विचारलं नाही. एकट्या मुलीला खोली देताना यातलं काहीच न विचारणारी घरमालकीण म्हणजे एक तर देवमाणूस नाहीतर अर्धवट, असं मी मनात म्हटलं. त्यांनी मला ओट्यावर बसवलं, पाण्याचा गिलास हातात दिला आणि समोर बसून विचारलं, "पोरी, तुले डेस्कटॉपवर शॉटकट काढता येते का?"

मला वाटलं, मी चुकीचं ऐकलं. कपाळावर गोंदण, हातात दळणाचा डबा, आणि प्रश्न हा!

"येतो की," मी म्हटलं.

"कायचा बी?"

"कशाचाही."

"मंग सामान घेऊन ये."

झालं. खोली मिळाली. आधीचा भाडेकरू बँकेत साहेब होता म्हणे. "काकू, या वयात गेम कशाला खेळता, जप करा," असं तो एकदा बोलून गेला आणि महिन्याच्या आत त्याला दुसरी खोली शोधावी लागली. काकू त्याच्याबद्दल एवढंच म्हणायच्या, "लय शिकेल होता, पन कामाचा नव्हता."

मी मूळची इंझोरीची. रिसोडला एका अडत दुकानात कॉम्प्युटरवर वजनकाट्याच्या पावत्या काढायचं काम मिळालं होतं. दिवसभर सोयाबीनची धूळ नाकात आणि हमालांचा आरडाओरडा कानात. घरी आल्यावर कॉम्प्युटरचं तोंड बघू नये असं वाटायचं, आणि माझं नशीब बघा, राहायला मिळालं ते असं घर!

कॉम्प्युटर काकूंच्या मुलाचा. तो पुण्याला. नवा लॅपटॉप घेतल्यावर जुना त्यानं आईकडे आणून ठेवला, आणि एकटीला विरंगुळा म्हणून त्यात गेम भरून दिले. पण दिले कुठे, तर डी ड्राइव्हच्या पोटात, एका फोल्डरच्या आत दुसरा, त्याच्या आत तिसरा. मग फोनवरून सांगत बसायचा, "आई, आधी माय कॉम्प्युटर उघड. आता डी मध्ये जा." काकू फणकारायच्या, "मी डी मधी जात नाही अन् सी मधी बी जात नाही. दारात उभं राहून जे दिसते थेवढंच माह्यं."

त्यामुळे माझं पहिलं काम ठरलेलं होतं. संध्याकाळी मी बसले, आतला एक गेम शोधला, राईट क्लिक केलं, 'सेंड टू' मधून 'डेस्कटॉप' निवडलं. बाहेर चित्र उमटलं. काकूंनी चष्मा वर सरकवून पाहिलं.

"म्हंजे गेम बाहीर आला?"

"नाही काकू. गेम आतच आहे. इथून नुसतं तिथं जाता येतं."

"अन् हे चित्र पुसलं तं?"

"पुसलं तरी गेम आतच राहतो. पुन्हा काढायचं."

काकूंनी चित्राकडे पुन्हा पाहिलं. मग मान डोलावली. "बरं हाय. दुकानाची पाटी काढली म्हून दुकान थोडंच जाते." माझ्या अडत्याला हे समजवायला मला आठवडा लागला होता, आणि तरी तो शॉर्टकट पुसायला घाबरायचा.

खरी गंमत पुढे झाली. गेम उघडायला दोनदा झटकन क्लिक करावं लागतं. काकू एकदा करायच्या, श्वास घ्यायच्या, मग दुसऱ्यांदा करायच्या. एवढ्या सावकाश केलं की कॉम्प्युटरला वाटतं, यांना नाव बदलायचंय. चित्राखालचं नाव निळं व्हायचं आणि तिथं रेघ लुकलुकायची.

"पाह्य वं, हा नाव विचारून राह्यला!"

मी सांगायला गेले की काकू, तुमचं क्लिक चुकतंय. पण त्यांना हे फार आवडलं होतं. घरी आलेल्या माणसाला आधी नाव विचारावं, ही त्यांच्या मते रीतच होती. मला मराठी टायपिंग चालू करून द्यावं लागलं, आणि गेम उघडायला एंटर दाबायचं शिकवावं लागलं. एक बोट उगारून, एकेक अक्षर शोधत, काकूंनी प्रत्येक गेमला नाव दिलं. गेमचं नाव नव्हे, माणसाचं. गाड्यांच्या शर्यतीच्या खाली लिहिलं 'भाऊ', कारण त्यांचा भाऊ कामरगावहून कारंजापर्यंत जीप चालवायचा आणि कोणालाही पुढे जाऊ द्यायचा नाही. रंगीत फुगे फोडायच्या गेमला नाव मिळालं 'भाभी'. ही भाभी म्हणजे समोरची बांगड्यावाली. नमाज झाली की दुपारी डोक्यावरचा पदर सावरत यायची आणि म्हणायची, "बाजी, जरा मेरे फुगे तो खोलो." फुगे फुटले की हातातल्या बांगड्या वाजवून हसायची.

बुद्धिबळाच्या गेमखाली एकच अक्षर होतं. 'हे'. काका जाऊन बरीच वर्षं झाली होती. काकूंना बुद्धिबळ येत नव्हतं, त्या ते कधी उघडतही नव्हत्या. मी एकदा उघडायला गेले तर हात धरला. "राहू दे. बसले हायेत थे."

कुठे बसलेत, तर झाडाखाली. कारण डेस्कटॉपवर जो फोटो होता तो काकूंच्या स्वतःच्या अंगणाचा होता. मुलाकडून हट्टानं लावून घेतलेला. फाटक, पाण्याची टाकी, कडुलिंबाचं झाड, लांबच लांब ओटा, सगळं त्यात होतं. शॉर्टकट काढला की काकू तो उंदरानं ओढत न्यायच्या आणि नेमक्या जागेवर बसवायच्या. मासे पकडायचा गेम टाकीवर. गाड्या फाटकाजवळ, म्हणजे निघायला सोयीचं. पत्त्यांचा गेम मात्र झाडाच्या मागे, रस्त्यावरून दिसू नये म्हणून. "पत्ते उघड्यावर बरे नाही दिसत," म्हणायच्या. आणि स्वतः रोज खेळायच्या.

एकदा कुठलंसं बटण दाबलं गेलं आणि सगळी चित्रं आपोआप डाव्या बाजूला रांगेत जाऊन लागली. मी दुकानात होते. फोन आला, आणि आवाज असा की मला वाटलं घरात कोणी पडलं. "पोरी, लवकर ये! सारे भिताडाले लावून उभे केले! हे बी रांगेत हायेत, भाभीच्या मागं!" मी जेवणाच्या सुट्टीत धावत गेले. ऑटो अरेंज बंद केलं आणि काकू सांगतील तसं एकेकाला परत जागेवर नेलं. काकांना झाडाखाली पोचवल्यावरच त्यांनी मला भाकर वाढली.

शेतीचाही एक गेम होता. त्यात बी पेरलं की बघता बघता पीक यायचं आणि कापून-सोंगूनही व्हायचं. काकूंनी तो एकदाच खेळला. "इकडं चार महिने आभायाकडं पाहून डोये फुटते, अन् हा पानी पेल्याबरोबर सोंगते! खोटारडा हाय मेला." शॉर्टकट गेला. त्यावर मी हसले म्हणून मला चहा मिळाला नाही. असा न्याय.

आता लहान्या काकूंबद्दल सांगायला हवं, कारण त्यांच्याशिवाय मोठ्या काकू अर्ध्याच कळतात.

घर एकच, मधोमध भिंत घालून दोन भावांत वाटलेलं. दोघे भाऊ गेले. इकडच्या भागात थोरली जाऊ, तिकडच्या भागात धाकटी, तिचा मुलगा आणि सून. सून खासगी शाळेत शिकवायची, स्वभावानं गोड. ओटा मात्र वाटलेला नव्हता. आणि या दोन जावा एकमेकींशी बोलत नव्हत्या. मी राहायला गेले त्याच्या कितीतरी आधीपासून.

कारण? आंबील. हसू नका, आमच्याकडे महालक्ष्मीच्या जेवणातली आंबील ही काही साधी गोष्ट नाही. महालक्ष्म्या बसायच्या थोरलीकडे, पण स्वयंपाक दोघींचा. एका वर्षी आंबील धाकटीनं केली. पंगत बसली, पाहुणे जमले, आणि मोठ्या काकू सगळ्यांदेखत म्हणाल्या, "घ्या वो, जरा पातयच झाली यंदा." लहान्या काकूंनी हातातला वगराळा खाली ठेवला. बस्स. त्यानंतर एक शब्द नाही. उचलली जीभ लावली टाळ्याला, हा मोठ्या काकूंचा दोष. आणि धरलं ते सोडायचं नाही, हा लहान्या काकूंचा. दोघी एकमेकींना पुरून उरणाऱ्या.

पण अबोल्याचेही नियम होते. महालक्ष्मीला लहान्या काकू दरवर्षी पहाटे यायच्या, सोळा भाज्या चिरायच्या, पुरण वाटायच्या, जेवायच्या आणि एक शब्द न बोलता परत जायच्या. देवाशी कसला अबोला? इतर दिवशी काही सांगायचंच असलं तर भिंतीला सांगायचं. "ए भिंती, नळ आला म्हना." "ए भिंती, कोनाचं तरी दूध उतू जाऊन राह्यलं." लेकी बोले सुने लागे, तसा हा प्रकार. मी नवीन होते तेव्हा मला वाटायचं, भिंतीपलीकडे कोणी भिंती नावाची बाई राहते.

मी लुडोचा शॉर्टकट काढून दिला आणि काकूंनी तो ओट्यावर बसवला. नाव मात्र दिलं नाही. सगळ्यांना नावं, लुडोला नाही. त्या एकट्याच कॉम्प्युटरशी खेळायच्या आणि हरल्या की त्याला शिव्या द्यायच्या. एका रविवारी मी घरी होते. लहान्या काकू साखरेची वाटी परत करायला आल्या. वाटी न बोलता उंबऱ्यावर ठेवली. जाता जाता नजर पडद्यावर गेली. मोठ्या काकू भलतीच गोटी चालवायला निघाल्या होत्या. लहान्या काकूंच्यानं राहवेना. त्या पुढे आल्या, एक बोट पडद्यावर टेकवलं, ही गोटी. काकूंनी ती चालवली. समोरची मेली. दोघी एकमेकींकडे न बघता गालातल्या गालात हसल्या.

दुसऱ्या दिवशी सून शाळेत गेल्यावर लहान्या काकू आल्या. तिसऱ्या दिवशीही. काकूंनी लुडोत दोन माणसांचा डाव लावून घेतला आणि खुर्चीशेजारी स्टूल ठेवलं. मग रोज दुपारचा तो नेमच झाला. बोलणं नाही ते नाहीच. पण गप्प बसून खेळायच्या असं कोणी समजू नये! "ए कॉम्प्युटर, सहा पडल्यावर मानसानं येवढं नाचू नये म्हना." "ए कॉम्प्युटर, ज्याची गोटी मेली त्यानं माऊस आपटू नये म्हना." भाभी हे बघून मला म्हणायची, "इन दोनोंका अबोला बडा बोलका है." मोठ्या काकू दुपारी बारापासूनच पदर झटकून तयार व्हायच्या. स्टूल पुसून ठेवायच्या. मला एकदा म्हणाल्या, "यंत्राले मारून मजा नाही वं. थे चिडत नाही."

पोळा झाला आणि महालक्ष्म्यांची सफाई निघाली. सफाई म्हणजे काय हे ज्यांनी बघितलं नाही त्यांना सांगून कळणार नाही. सगळं घर बाहेर. डबे, गाद्या, देव्हारा, माझी खोलीसुद्धा, मला न विचारता. आणि घर साफ करायचं तर कॉम्प्युटरचं अंगण कसं सोडतील? काकूंनी सगळे शॉर्टकट ओढून रिसायकल बिनमध्ये टाकले. पुसलं तरी आत काही जात नाही हे त्यांना पक्कं माहीत होतं. अंगण रिकामं, स्वच्छ. आता हात धुवायचे आणि एकेकाला परत आणून बसवायचं, हा त्यांचा बेत. त्या बादली घेऊन मागे गेल्या.

तेवढ्यात लहान्या काकू आल्या. नेहमीची वेळ. सुट्टी घेऊन मी माझ्या गाद्या उन्हात टाकत होते, मला खिडकीतून दिसत होतं. स्टूल जागेवर नव्हतं, तेही बाहेर काढलेलं. त्या खुर्चीपाशी वाकल्या. पडद्यावर ओटा होता, ओट्यावर लुडो नव्हता. नुसता मोकळा ओटा. त्यांनी माऊस जरा इकडे तिकडे हलवून बघितला. मोठ्या काकू मागून बादली घेऊन आल्या आणि दारातच थबकल्या. दोघींची नजरानजर झाली. लहान्या काकूंचा चेहरा असा उतरला की मी हातातली गादी तशीच खाली टाकली.

त्या निघून गेल्या. पलीकडे दाराची कडी वाजली.

दुसरी कोणी असती तर म्हणाली असती, अगं सफाई चालू आहे, बस, आत्ता काढते. एवढंच तर वाक्य! पण बोलायचं कसं? अबोला होता ना. मोठ्या काकू भिंतीपाशी धावल्या आणि ओरडल्या, "ए भिंती, सफाई चालू हाय म्हना! सारंच काढलं म्हना, एकट्या लुडोले नाही!" पलीकडून भांडं वाजलं नाही की खोकला आला नाही.

काकूंनी तेव्हाच बसून रिसायकल बिनमधून लुडोचा शॉर्टकट परत काढला. दुसऱ्या दुपारी स्टूल पुसलं. कोणी आलं नाही. तिसऱ्या दुपारीही नाही. नळावर सून भेटली तेव्हा मला हळूच म्हणाली, "ताई, घरात मोठंच झालंय काहीतरी. आई म्हणतात, त्यांनी मला काढून टाकलं, आता मी महालक्ष्मीलासुद्धा तिकडं पाय ठेवणार नाही. मी समजावलं तर माझ्यावरच रागावल्या."

मी हे काकूंना सांगितलं. सांगायला नको होतं की काय असं मला वाटलं. दिवसभर ज्यांच्या तोंडाचा पट्टा थांबत नाही, त्या सुपात तांदूळ घेऊन बसल्या आणि निवडायचं विसरल्या. मग म्हणाल्या, "देवाले येत होती थे. काही झालं तरी येत होती."

"मग जा ना काकू! ओटा एकच आहे. जाऊन सांगा."

"मी काहून जाऊ?"

"तुमच्यामुळं झालं म्हणून."

"मी सफाई केली. सफाई करनं गुन्हा हाय का?"

"मग बसा!" मी चिडले. खरंच चिडले. एवढ्या मोठ्या बायका आणि हट्ट पाचवीतल्या पोरींचा! पण रात्री जेवताना काकूंनी अर्धी भाकर ताटात ठेवून हात धुतला तेव्हा मला फार वाईट वाटलं. त्या बाईचं कोण होतं दुपारी? मुलगा पुण्याला, नवरा झाडाखाली. एक जाऊ होती, न बोलणारी का होईना, शेजारी बसणारी. ती आता कायमची जाते की काय, ही धास्ती त्यांच्या तोंडावर दिसत होती आणि तरी उठून दोन शब्द बोलवत नव्हते.

रविवारी सकाळी मला हाक आली. काकू कॉम्प्युटरसमोर बसल्या होत्या. हातात मुलाचा जुना पेनड्राइव्ह.

"हा लुडो याच्यात टाकून दे. तिकडं तिच्या सुनेच्या लॅपटॉपमधी चालंल."

मला बरं वाटलं. म्हटलं, निदान सुचलं तरी काही. मी आतला फोल्डर उघडायला लागले तर हात धरला.

"तिकडं कायले चालली? हा अठीचा टाक. ओट्यावरचा."

"काकू, हा नुसता शॉर्टकट आहे. हा तिकडं नेला तर उघडणार नाही. अख्खा गेम न्यावा लागेल."

"येवढाच टाक."

"अहो पण उघडणार नाही! तुम्हाला माहीत आहे ना? नुसतं चित्र जाईल, गेम इथंच राहील."

"पोरी," काकू माझ्याकडे न बघता म्हणाल्या, "तुले कोनी अक्कल विचारली का? टाक म्हटलं तं टाक. अन् थांब, आधी नाव टाकू दे."

मग त्यांनी त्यांच्या पद्धतीनं एक क्लिक केलं, श्वास घेतला, दुसरं क्लिक केलं. रेघ लुकलुकायला लागली. बोट उगारून अक्षरं शोधली. 'ल' सापडला. 'हा' सापडला. 'नी' ला वेळ लागला. लहानी. धाकटी लग्न होऊन घरात आली तेव्हा त्या तिला याच नावानं हाक मारायच्या, हे मला नंतर कळलं. डोळे पुसायला त्यांनी चष्मा काढला आणि वर मलाच म्हणाल्या, "भिंगाले धूय बसली."

मी तो शॉर्टकट पेनड्राइव्हमध्ये टाकला आणि सुनेच्या हातात नेऊन दिला. "मोठ्या काकूंनी दिलाय, तुमच्या आईंसाठी." एवढंच बोलायची मला परवानगी होती.

तो दिवस गेला. दुसऱ्या दिवशी मी दुपारी जेवायला घरी आले, खरं सांगायचं तर मुद्दाम आले. काकू कांदा चिरत होत्या. कांदा कधीच चिरून झाला होता, तरी त्या चिरत होत्या. ओट्यावर पावलं वाजली. लहान्या काकू दारात उभ्या. पदर डोक्यावर, हातात पेनड्राइव्ह. माझ्याकडे बघितलं नाही, भिंतीकडे बघितलं नाही, कॉम्प्युटरकडेही नाही. सरळ थोरल्या जावेकडे बघून म्हणाल्या,

"बाई, तुमचा हा लुडो आमच्याकडं उघडून नाही राह्यला."

मोठ्या काकूंनी विळी बाजूला सारली. कसंबसं म्हणाल्या, "कसा उघडंन वं? नुसतं चित्र गेलं तिकडं. लुडो इथंच हाय."

"मंग नुसतं चित्र कायले धाडलं?"

"चुकलं वं, लहाने. बस."

स्टूल पुढे सरकलं. थोड्या वेळानं आतून आवाज यायला लागले, आणि आता कॉम्प्युटरला कोणी मध्ये घेत नव्हतं. "बाई, माऊस सोडा, पाळी माही हाय." "अवं, तुहा पाच पडला, सहा नाही!" "डोये तपासा तुमी." मी जेवायचं विसरून ओट्यावर बसून ऐकत राहिले. दुकानात उशिरा गेले, अडत्याची बोलणी खाल्ली, आणि मला त्याचं काही वाटलं नाही.

मोठ्या काकूंचा आनंद काय वर्णावा! त्या संध्याकाळी त्या फाटकात उभ्या राहून जाणाऱ्या येणाऱ्याला सांगत होत्या, "थे आधी बोलली! मी नाही, थे बोलली! इचारा या पोरीले, समोर होती." भाभीला तर बोलावून घेऊन सांगितलं. आणि मला एकटीला गाठून, डोळा बारीक करून म्हणाल्या, "पाह्यलं? अख्खा गेम देला असता तं बसली असती घरीच खेळत. उघडला नाही म्हून आली भांडाले. तुले काय समजते!" मी कान पकडले. खरंच, मला काही समजलं नव्हतं.

महालक्ष्म्या आल्या. पहाटेपासून लहान्या काकू इकडे. घरात एवढा आवाज की देवीलाही वाटलं असेल, मागची वर्षं बरी होती. आंबील कोण करणार यावरून पुन्हा वाद झाला, आणि दोघींनी मिळून केली. जेवणं आटोपल्यावर मोठ्या काकू पाहुण्यांना ओट्यावर बसवून तीच गोष्ट सांगत होत्या, पेनड्राइव्ह कसा दिला आणि धाकटी कशी आली. मी आणि लहान्या काकू मागच्या मोरीवर भांडी घासायला बसलो होतो. पुढून हसण्याचा आवाज आला. लहान्या काकू राख लावता लावता स्वतःशीच हसल्या.

"काय झालं काकू?"

"काही नाही वं. सुनेनं पेनड्राइव्ह लावल्याबरोबर सांगतलं होतं मले. आई, याच्यात गेम नाही, नुसता शॉर्टकट हाय. मीच दोन मिनिटात डाऊनलोड करून देते म्हने."

मी ताट खाली ठेवलं. "मग?"

"मंग काय? मीच नको म्हटलं. घरी उघडला असता तं तिच्याकडं कोनतं तोंड घेऊन आली असती मी?"

पुढून पुन्हा मोठ्या काकूंचा आवाज आला, "थे आधी बोलली!" लहान्या काकूंनी धुतलेलं पातेलं पालथं घातलं आणि माझ्याकडे वळून आवाज खाली केला.

"तिले सांगजो नको हं पोरी. जितली म्हून लय खुशीत हाय थे."